काकूंची भाची

अकराव्या वर्षी मी विदर्भातल्या गावाहून खडकीच्या सरकारी क्वार्टर्समध्ये आले, ती एका घरी बाळ सांभाळायला. "पोरीला शाळेत घालू," असं तिथल्या काकूंनी माझ्या आईला सांगितलं होतं. पण जून आला की बाळाला दात यायचे, नाहीतर ताप, आणि शाळा पुढच्या जूनवर जायची. बाळावर माझी माया होती. तरी शाळेची घंटा ऐकली की त्याला कडेवर घेऊन मी खिडकीशी जायचे.

मुलांना कारखान्यात राबवू नये, असा कायदा तोवर झाला होता. स्वयंपाकघरापर्यंत पोचायला त्याला अजून बरीच वर्षं लागायची होती. मध्येच काकांच्या ऑफिसात कागद फिरला: सरकारी नोकरांनी घरकामाला मूल ठेवायचं नाही, तसं लिहून द्या. काकांनी सही केली आणि घरी येऊन मला म्हणाले, "कोणी विचारलं तर काकूंची भाची आहे म्हणायचं." मी घाबरलेच. उद्या गावी परत धाडलं तर? गावात शाळा चौथीपर्यंतच होती आणि ती मी करून आले होते.

कोणी विचारेपर्यंत थांबतील त्या काकू कसल्या! त्यांनी आपणहून जिनाभर सांगून टाकलं. समोरच्या आजी म्हणाल्या, "असं होय! मग बहिणीची मुलगी शाळेच्या वेळेला तुमचं धुणं का वाळत घालते?"

कामाला पोर ठेवली तर कोणी ब्र काढत नसे. सख्ख्या भाचीला राबवते, हा बोल मात्र काकूंना सोसवणारा नव्हता. सोमवारी त्यांनी मला शाळेत नेलं. पाचवीच्या वर्गात सगळ्यांत उंच मीच होते, आणि आनंदानं रडतही होते.

आता मी मांजरी गावातल्या शाळेत शिक्षिका आहे. चौदा वर्षांच्या आतल्या मुलाला कुठेच कामाला ठेवता येत नाही, हे पालकसभेत सांगते. शाळा सांभाळून घरच्यांना हातभार लावला तर चालतो, हेही सांगावं लागतं. तिथे मला दरवेळी हसू येतं, आणि कोणी 'भाची' म्हटलं की मी दोन प्रश्न जास्तच विचारते.

काकू आता थकल्यात. या दिवाळीत भरल्या घरात म्हणाल्या, "त्या आजी बोलल्या नसत्या, तर मी हिला शाळेत घातलं नसतं हो." मला ते तेव्हाही ठाऊक होतं. पण त्यांच्या तोंडून ऐकलं आणि फार बरं वाटलं.