साहेबाचा माईक

रेवा, ईशान, परवा फोनवर रेवा म्हणाली की घरून काम करताना साहेब दिवसभर कॅमेरा चालू ठेवायला लावतो, जेवतानासुद्धा. वर म्हणाली, "आजी, आता असंच असतं." ते वाक्य मला चावतंय. म्हणून लिहिते.

शाळेतून निवृत्त झाल्यावर मी एका बियाणे कंपनीच्या हेल्पलाइनवर काम घेतलं. सोनाळ्याच्या आपल्या घरातूनच. अळी पडू नये म्हणून घेतलेल्या बीटी कापसात बोंडअळी निघाली की शेतकरी फोन करत. मधल्या खोलीत आढ्यापर्यंत कापूस रचलेला. भाव येईपर्यंत गावात सगळ्यांचाच घरात असतो. त्याच्यापुढे खुर्ची टाकून मी बसत असे.

एका सकाळी मीटिंगमध्ये पुण्याच्या साहेबाने, तुमच्या बाबापेक्षा लहान, सगळ्यांदेखत विचारलं, मॅडम गोडाऊनमध्ये बसता का? तो मागचा कचरा झाका. मग माझ्या एका कॉलचं रेकॉर्डिंग लावलं. धामणगाव बढेची शकीलाबी विचारत होती, "बाई, बी तं महागाचं घेतलं, मंग अळी काऊन पडली?"

मी म्हणत होते, "तुमची चूक नाही, शकीलाबी. अळी या बियाण्याले आता भीत नाही."

कंपनीने सांगायला दिलेलं उत्तर वेगळं होतं. फवारणी उशिरा केलीत, एवढंच.

"काऊन, काऊन," साहेब म्हणाला. "घरात कावळे पाळलेत का?"

पडदाभर चौकटी. सगळ्यांचे माईक बंद. आवाज नाही, नुसते दात. जिने पोरांना इंग्रजी शिकवलं ती मी, स्वतःच्या घरात, स्वतःच्या खुर्चीवर, मान खाली घालून म्हणाले, "सॉरी, सर."

पुढच्या आठवड्यात कंपनीची ऑनलाइन शेतकरी सभा होती. साहेब बोलणार, त्याचे वरिष्ठ ऐकणार, शेतकरी गप्प. माईक उघडायचं-मिटायचं किरकोळ काम माझ्याकडे. मी उघडल्याशिवाय कोणालाच बोलता येत नव्हतं. साहेबालाही.

तो सांगू लागला की दोष बियाण्याचा नाही, शेतकऱ्याच्या आळसाचा आहे. मी त्याचा माईक मिटला. शकीलाबीचा उघडला.

"आम्ही येळेवरच फवारलं, साहेब," ती म्हणाली. "कापसाची उभी पऱ्हाटी उपटून फेकली. आळशी कोनाले म्हनता? वावरात येऊन पाहा."

मग मोताळ्याचा एक जण. मग संग्रामपूरचे दोघे. मी उघडत गेले. साहेबाचे ओठ हलत होते. तो हाताने खुणा करत होता, कानाकडे, तोंडाकडे. वरिष्ठ बघत होते.

मी मुद्दाम आपल्या बोलीत म्हणाले, "सर, तुमचा आवाज येऊन नाही राह्यला."

मला गोड वाटलं. अजून वाटतं.

संध्याकाळी माझं लॉगिन बंद झालं. कोणी फोनसुद्धा केला नाही.

रेवा, ऑफिस आपल्या घरात शिरलंय, तर त्याने घराच्या रीतीने वागावं. ताटावर बसलीस की कॅमेरा बंद कर. परवानगी मागू नकोस. कोणी हसलं तर त्याचा चेहरा लक्षात ठेव.

ती कंपनी अजून आहे. शकीलाबी अजून कापूस पेरते, त्यांचं बियाणं घेत नाही. तिच्या गल्लीत कोणीच घेत नाही. आणि माझा राग शाबूत आहे.