नारळी पौर्णिमेची हजेरी

माझं अक्षर चांगलं आहे. आयुष्यातलं सगळ्यात वाईट काम मी त्याच अक्षरात केलं, आणि ते घरी सांगायला बरीच वर्षं लागली.

तारापूरच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका छोट्या कारखान्यात मी हजेरी आणि पगार बघायचो. पॅकिंगला चिंचणीच्या कोळी बायका होत्या. त्यांच्या पगारातून दरमहा पीएफ कापला जाई, पण भरला जात नसे. मला ठाऊक होतं. कापणं माझं काम, भरणं मालकांचं, अशी मी स्वतःची समजूत घातली होती.

शेवटी पीएफ कार्यालयाचा वसुलीचा आदेश आला. मालकांनी त्याला आव्हान दिलं: बायका आमच्या नाहीतच, ठेकेदाराच्या, वसूल करायचं तर त्याच्याकडून करा. हा ठेकेदार म्हणजे मालकांचा मेहुणा. कारखान्यात तो फक्त दिवाळीची मिठाई न्यायला यायचा. प्रकरण पुन्हा चौकशीला आलं आणि त्याचं हजेरीबुक मागितलं गेलं. ते नव्हतंच.

"तुझ्यासारखं अक्षर कोणाचं आहे?" मालक म्हणाले. पालघरच्या फ्लॅटचे हप्ते चालू होते, आणि खरं सांगायचं तर कौतुकही गोड लागलं. ठेकेदाराच्या नावानं तीन वर्षांची खोटी हजेरी मी चार दुपारींत लिहून काढली. पेनं बदलली, पानांवर थोडा चहा सांडला. रविवार कोरे सोडले, बाकी सगळीकडे हजर, हजर, हजर.

सुनावणीला बायका ठेवणीतली लुगडी नेसून आल्या होत्या. त्यांच्यातली सगळ्यात वयस्कर, जिला आम्ही सगळेच मावशी म्हणायचो, तिनं बाहेरच मला गाठलं.

"भाऊ, तू आमच्या बाजूचा का त्यांच्या?"

"मी कागदांच्या बाजूचा."

"मग दुपारी कागदच खा," म्हणाली, आणि माझ्यासाठी पुढे केलेला भाकरी-बोंबलाचा डबा मागे घेतला.

आत अधिकारी बाईंनी हजेरीबुक चाळलं. मालकांच्या वकिलांनी ठेकेदारावर बरंच भाषण केलं. मावशी शांतपणे म्हणाली, "बाय, मला वाचता येत नाय. नारली पुनवेचा पान तेवढा बघा."

बाईंनी कॅलेंडर मागवून तारखा जुळवल्या. "सगळ्या हजर आहेत. तिन्ही वर्षं."

सगळ्या बायका एकदम हसल्या. "त्या दिशी आमच्या घरची मांजरपन दर्यावर असते," मावशी म्हणाली. "आमी कामाला? आमी नाय, आमच्या भुतानी पॅकिंग केला असंल."

मी चिंचणीतच वाढलो, वाडीवाल्यांच्या घरात. दर नारळी पौर्णिमेला आमच्याच झाडांचे नारळ कोळीवाड्यात जात. तरी चुकलो. आतून वाईट वाटत होतं म्हणून मुद्दाम चुकलास का, असं बायकोनं नंतर विचारलं. नाही. एवढं पुण्य माझ्या नावावर मांडू नका. हात चालत होता, डोकं घरी ठेवलेलं होतं.

"हे कोणी लिहिलं?" बाईंनी विचारलं.

वकील माझ्याकडे बघेनात, मालक फोनमध्ये शिरले. मावशी मात्र माझ्याकडेच बघत होती. तिला उत्तर माहीत होतं. पगाराच्या पाकिटावर तिचं नाव किती वर्षं मीच घालत होतो.

"मी," म्हणालो. "खरं हजेरीबुक माझ्या टेबलाच्या खालच्या खणात आहे. त्यावर कंपनीचा शिक्का आहे, ठेकेदार कुठेच नाही."

पुढे मालकांचं आव्हान टिकलं नाही आणि वसुली झाली. माझी नोकरी अर्थात गेली. आता सालवडला एका गोदामात आहे. पगार कमी आहे, झोप बरी लागते.

गेल्या महिन्यात मावशी पीएफ काढायचा फॉर्म घेऊन घरी आली. सोबत डबा होता, सुक्या बोंबलाचा. तो तिनं माझ्यासमोर उघडून ठेवला, शेजारी फॉर्म पसरला.

"तुजा अक्षर चांगला हाय, तूच भर," म्हणाली. "पन मी इथच बसतं. खरा लिवतंस का बघतं."

तिला वाचता येत नाही. तरी मी प्रत्येक ओळ मोठ्यानं वाचत भरली.