दादाचा दृष्टांत

आमच्या घरी चांगलं वांगं कधी शिजलं नाही. चांगली वांगी, कोवळी भेंडी, ताजी मेथी टोपल्यांत बसून अकोल्याच्या बाजारात जायची. आमच्या चुलीवर यायचं ते किडकं, वाकडं नाहीतर पिवळं पडलेलं. माय विळीवर किडीचा भाग कापून टाकायची आणि उरेल त्याची भाजी करायची. माळ्याच्या घरात भाजीला तोटा नाही असं लोकांना वाटतं. भाजीला नव्हताच. ज्वारीला होता. भाकरी पुरली नाही तर आम्ही नुसती भाजी खायचो आणि वर पाणी प्यायचो.

मळा मोर्णा नदीच्या काठी होता, तोही बटईचा, अर्धं पीक मालकाला द्यायचं. वडील तापाच्या साथीत गेले तेव्हा दादा बारा वर्षांचा होता आणि मी सात. दादा चौथीत होता, वर्गात पहिला. मी पहिलीत रडतखडत होतो. दोघांपैकी एकाला मोटेवर जाणं भाग होतं आणि मोटेचे बैल माझ्याच्यानं आवरत नव्हते. एवढ्यावरच ठरलं. दादाचे मास्तर त्याला परत न्यायला दोनदा मळ्यावर आले. मायनं त्यांना दोन्ही वेळा टोपलीभर वांगी दिली आणि हात जोडले. तिसऱ्यांदा ते आले नाहीत. मी हुशार होतो म्हणून शिकलो असं लोक म्हणतात. मी अंगानं लहान होतो म्हणून शिकलो.

पुढं मी मॅट्रिक झालो आणि अमरावतीच्या कॉलेजात गेलो. आमच्या घरातून बदनेऱ्याला गाडी बदलणारा मी पहिलाच. ह्याचा मला अभिमान होता आणि अजून आहे. पण वसतिगृहात तोंड उघडायची चोरी होती. ‘मले’ म्हटलं की पुण्याकडची पोरं हसायची. वर्षभरात मी ‘मला’ म्हणायला शिकलो.

इंग्रजीच्या प्रोफेसरांनी दुसऱ्या वर्षी मला एक पुस्तक वाचायला दिलं. युरोपातल्या निरनिराळ्या देशांच्या साहित्याची तोंडओळख करून देणारं ते जाडसं पुस्तक होतं. पहिलं मोठं प्रकरण इटलीचं, मग फ्रान्स, स्पेन, जर्मनी आणि शेवटी रशिया. त्यावर मराठीत निबंध लिहायचा आणि कॉलेजच्या सभेत वाचायचा, असं काम होतं. सुट्टीत मी ते पुस्तक घेऊन घरी आलो.

दादाला वाचलेलं ऐकायची हौस होती. त्याला इंग्रजी येत नव्हतं, म्हणून मी एकेक परिच्छेद वाचायचो आणि आपल्या बोलीत सांगायचो. त्या दिवशी तो मिरचीची रोपं वाफ्यातून उपटत होता. मी बांधावर बसलो होतो. इटलीचं प्रकरण चालू होतं. तिथल्या पंडितांची भाषा लॅटिन. बरीच शतकं शहाणे लोक तिच्यातच लिहीत राहिले. मग काही जणांनी ती सोडली आणि रस्त्यावरच्या, बायकापोरांच्या बोलीत कविता लिहिल्या. त्या बोलीही लॅटिनमधूनच निघालेल्या. मी दोनदा सांगितलं, पण मलाच नीट उमगलं नव्हतं. असं होतं तर मग लॅटिनमध्येच पुढं चांगलं का पिकलं नाही, असं मी दादालाच विचारलं.

दादा खाली मान घालून म्हणाला, “काहून पिकन? हा वाफा पाय. इथं बी टाकलं, दाट उगवलं. हे रोप इथंच ठुलं तं काय होते?”

“काय होते?”

“नुसतं लांबत जाते. उंच दिसते, हिरवं दिसते, मिरची एक लागत नाही. उपटून दुसरीकडं लावा लागते. लावलं की पयल्या दिवशी मान टाकते. पाहणारा म्हणते, मेलं हे. तिसऱ्या दिवशी उभं राह्यते. मंग तुही ती लॅटिन म्हंजे वाफा, न् बाकीच्या साऱ्या उपटून लावलेल्या. अन् जमीन तशी चव. इथली मिरची न् तेल्हाऱ्याची मिरची एका वाफ्यातली असली तरी सारखी लागत नाही.”

मी पुस्तक मिटलं. चार ओळींत त्यानं इटली, फ्रान्स, स्पेन तिन्ही प्रकरणं माझ्या हातात दिली होती. लोकभाषेतल्या पहिल्या कवितांना पंडित का हसले असतील, हेसुद्धा त्या मान टाकलेल्या रोपात होतं.

“आपली बोली कोन्त्या वाफ्यातली रे?” त्यानं विचारलं. मी म्हणालो, “ते ह्या पुस्तकात नाही.”

निबंध मी अमरावतीला परत जाऊन लिहिला. दादाचं सगळं बोलणं त्यात घेतलं, पण शुद्ध करून. ‘मान टाकते’चं मी ‘म्लान होते’ केलं. सभेत वाचला तेव्हा टाळ्या पडल्या. प्रोफेसर उठून म्हणाले, “रोपवाफ्याचा दृष्टांत फार मार्मिक आहे. मूळ पुस्तकात तो नाही. तुम्हांला कुठं मिळाला?”

समोर ती पुण्याकडची पोरं बसली होती. मी म्हणालो, “मलाच सुचला, सर.”

एवढंच. कोणी गळा धरला नव्हता. ‘माझ्या भावानं सांगितला’ म्हणायला तेवढाच श्वास लागला असता.

निबंध कॉलेजच्या मासिकात छापून आला. दिवाळीला मी अंक घरी नेला, कारण छापलेलं माझं नाव मायला दाखवायचं होतं. दादा मराठी अडखळत वाचायचा. त्यानं अंगणात बसून बोटानं ओळी धरत सगळा निबंध वाचला. तो दृष्टांतापाशी आला, थांबला आणि एकदम हसला.

“आबे! म्हंजे मी म्हणलं तेच पुस्तकात बी लिहून हाय? मले वाटलं मी आपला अंदाजानं बोलून राहिलो!”

निबंध त्या पुस्तकावरचा, म्हणून त्यातलं सगळं पुस्तकातलंच असं त्यानं धरलं. तो इतका खूश झाला होता, की मी गप्प बसलो. गप्प बसायला तेवढं कारण पुरलं. खरं कारण वेगळं होतं. मी सुटलो होतो.

तिथं संपलं असतं तरी एक वेळ चाललं असतं. पण दादाला ही गोष्ट पोटात ठेवता येईना. बाजारात आजूबाजूच्या भाजीवाल्यांना त्यानं सांगितलं, की इटलीच्या पुस्तकात मिरचीच्या रोपाचं लिहिलेलं आहे, आणि ते वाचायच्या आधीच आपल्याला ठाऊक होतं. ते त्याला ‘इटलीवाले’ म्हणू लागले. “काय इटलीवाले, आज कोथिंबीर काय भाव?” तोही ऐटीत सांगायचा. त्याचे जुने मास्तर, जे दोनदा त्याला न्यायला आले होते, ते त्याच्याकडूनच भाजी घ्यायचे. त्यांनाही त्यानं सांगितलं. ते म्हणाले, “वा! पान कोणतं?”

दादा घरी आला आणि मला म्हणाला, “पुस्तक काढ बरं. मास्तर पान विचारून राहिले. मले ते पान दाखव.”

पुस्तक माझ्या पेटीत होतं. मी उघडलं. हाताला आलं ते एकशे सतरावं पान. मी बोट ठेवलं आणि म्हणालो, “हे.”

त्यानं हात धोतराला पुसले आणि पुस्तक हातात घेतलं. अक्षर ओळखू येत नव्हतं तरी ते पान वरपासून खालपर्यंत पाहिलं. “रोपाले इंग्रजीत काय म्हणते? कुठं हाय ते?” मी एका शब्दावर बोट ठेवलं. तो कुठल्याशा बंदराच्या व्यापाराविषयीचा शब्द होता. दादानं आकडा पाठ केला आणि दुसऱ्या दिवशी मास्तरांना सांगितला. मास्तरांनी पुस्तक पाहिलं नाही. दादाचा शब्द त्यांना पुरला.

मी बी.ए. झालो, अकोल्यात शिक्षक लागलो. पेढे दादानं वाटले. पाहुण्यांपुढं इटलीचं पान निघालंच. मी उठून पाणी प्यायला आत गेलो. अशा वेळी मी किती पाणी प्यालो असेन!

मग आमच्या शाळेतल्या मुलांना कळेल अशी एक लहान पुस्तिका लिहायचं मी मनावर घेतलं. इटली, फ्रान्स, रशिया, पर्शिया, बंगाल, एकेका देशाच्या, एकेका भाषेच्या साहित्याची ओळख, सोप्या मराठीत. दादाला सांगितलं तेव्हा आम्ही पहाटे बाजारासाठी मेथीच्या जुड्या बांधत होतो.

“चांगलं करून राहिला,” तो म्हणाला. “त्या पानावरचं पयले लिही. अन् एक सांगतो, ज्यानं ते लिहिलं त्याचं नाव टाकजो. दुसऱ्याचं आपलं म्हणून लिहू नोको. शिकला माणूस हायस तू.”

हातातली जुडी मी खाली ठेवली. मी म्हणालो, “दादा, त्या पानावर ते नाही.”

“मंग कोन्त्या पानावर हाय?”

“कोणत्याच नाही. ते तूच बोलला होता, वाफ्यापाशी. मी ते घेतलं आणि कॉलेजात माझं म्हणून सांगितलं.”

तो जुडी बांधत राहिला. ती पुरी झाल्यावर म्हणाला, “मंग त्या पानावर काय हाय?”

“बंदरातला व्यापार.”

“अन् तू बोट ठुलं ते?”

“तोही त्यातलाच एक शब्द.”

“माह्यं घेतलं त्याचं काही नाही रे,” दादा म्हणाला. “मागतलं असतं तं दिलं असतं. माह्या काय कामाचं होतं ते? पण मी साऱ्या बजारात सांगत फिरलो. मास्तरले पान सांगतलं. तू मले खोटं पाडलं. मास्तरपुढं.”

मायनं आतून विचारलं, “काय झालं रे?” दादा म्हणाला, “काही नाही वं. जुड्या कमी भरून राहिल्या.”

मी चोरीच्या शिक्षेची वाट पाहत बसलो होतो, आणि चोरी त्याच्या हिशेबात नव्हतीच. इतकी वर्षं मी चुकीच्या गुन्ह्यासाठी शरमत होतो.

“आज माह्यासंगं चाल,” तो म्हणाला. “मास्तर येतीन.”

शाळेत रजेचा निरोप पाठवला आणि मी टोपल्यांमागं त्याच्या शेजारी बसलो. कॉलेजला गेल्यापासून मी तिथं बसलो नव्हतो. माझ्या विद्यार्थ्यांचे दोन पालक समोरून गेले. त्यांनी पाहिलं. मास्तर आले, पिशवी पुढं केली. मी उभा राहिलो आणि सगळं सांगितलं, पानासकट. शेजारचे भाजीवाले ऐकत होते.

मास्तरांनी पिशवी खाली ठेवली. मग दादाकडं वळून म्हणाले, “म्हणजे हे तुझं स्वतःचं?”

दादानं मेथीची जुडी उचलून त्यांच्या पिशवीत टाकली. “घ्या मास्तर. पुस्तकातली नाही, पण ताजी हाय.”

पलीकडून कोणीतरी ओरडलं, “म्हंजे इटलीवाले इटलीचे नाहीत का?” हशा पिकला. दादा हसला. मास्तर हसले नाहीत. ते म्हणाले, “मी तिसऱ्यांदा यायला पाहिजे होतं,” आणि गेले.

त्यानंतर दादा माझ्याशी पहिल्यासारखाच बोलायचा, पाऊसपाणी, बैल, मायचा खोकला. पण पुन्हा कधी ‘वाचून दाखव’ म्हणाला नाही. मी एकदोनदा पुस्तक घेऊन मळ्यावर गेलो. तो म्हणाला, “आज काम लय हाय.” वाचलेलं ऐकायचा तेव्हाही काम पुष्कळच असायचं. मी पुन्हापुन्हा माफी मागितली होती आणि त्यानं ती दिलीही होती. तरी ते ऐकणं गेलं ते गेलंच. ते माझ्यामुळं गेलं.

पुस्तिका मी दीड वर्षात लिहून पुरी केली. ‘म्लान होते’ खोडलं आणि ‘मान टाकते’ लिहिलं. अकोल्याच्याच एका छापखान्यात ती छापली. इटलीच्या प्रकरणात रोपवाफ्याचा दृष्टांत आहे, आणि त्याच पानावर छापलेलं आहे, की हा दृष्टांत लेखकाचा नाही, मोर्णेकाठी मळा करणाऱ्या त्याच्या थोरल्या भावाचा आहे. आमच्या शाळेत ती दोन वर्षं लावली होती. पहिली प्रत दादाला दिली. त्यानं ती स्वतः, बोटानं ओळी धरून, शेवटच्या पानापर्यंत वाचली.