डोंबिवलीतला इटालियन हुकूमशहा

ऐंशीच्या दशकाच्या अखेरीस, आमच्या डोंबिवलीच्या सोसायटीच्या गणपतीत, मी इटलीचा हुकूमशहा झालो. अभिनयासाठी माझी निवड झाली असा गैरसमज नको. टक्कल करायला दुसरं कुणी तयार नव्हतं.

नाटक लिहिलं होतं चौथ्या मजल्यावरच्या इतिहासाच्या मास्तरांनी. पहिल्या महायुद्धानंतर भांडणांना आणि बेकारीला कंटाळलेले लोक एका बडबड्या माणसाला आपणहून देश कसा देऊन टाकतात, हे त्यांना दाखवायचं होतं. शेवटी हुकूमशहाचे काळे शर्टवाले गुंड एका विरोधी संपादकाला फरफटत नेतात. संपादकाच्या भूमिकेत स्वतः मास्तरच. "त्या वेळी टाचणी पडली तरी ऐकू आली पाहिजे," असं ते तालमीत रोज बजावायचे. "एक जरी हसला, तरी नाटक पडलं."

प्रयोगाला भावाचा काळा शर्ट चढवून मी रोमच्या सज्जात, म्हणजे दोन टेबलांवर, उभा राहिलो आणि भाषण साफ विसरलो. प्रॉम्प्टर विंगेतून रोमन साम्राज्याबद्दल काहीतरी पुटपुटत होता; माझ्यापर्यंत फक्त थुंकी पोचत होती. समोर अख्खी सोसायटी. त्या आठवड्यात नळ कोरडे होते. मग सुचेल ते बोललो.

"सत्ता माझ्याकडे द्या, चौथ्या मजल्यापर्यंत पाणी चढवतो. मीटिंगा बंद, भांडणं बंद. जो जास्त पंप चालवेल, त्याला मी बघून घेतो."

टाळ्या. शिट्ट्या. मागून आवाज आला, "आधी बी विंगवाल्यांना बघा." मी जोशात बी विंगलाही दम भरला. इतक्यात संपादक उठले आणि त्यांनी विचारलं, "आणि तुम्ही चुकलात तर तुम्हाला काढायचं कसं?"

"अहो बसा हो, पाणी येऊ दे आधी," प्रेक्षकांतून कुणीतरी म्हणालं. मास्तरांना फरफटत नेलं तेव्हा सगळ्यात जोरात टाळ्या पडल्या. मास्तरांच्या बायकोनेही वाजवल्या.

दुसऱ्या दिवशी सोसायटीतले दोन ज्येष्ठ आमच्याकडे चहाला आले. तूच सेक्रेटरी हो म्हणाले. निवडणूक नको, उगाच वाद होतात. खोटं कशाला बोलू, मला गुदगुल्या झाल्या. मास्तरांचा सल्ला घ्यायला वर गेलो. त्यांनी दार अर्धंच उघडलं आणि माझ्या टकलाकडे पाहिलं.

"निवडणूक घ्यायला सांग," ते म्हणाले. "मी तुझ्याविरुद्ध उभा राहतोय."

निवडणूक होईपर्यंत माझे केस उगवले आणि दरारा गेला. हात वर करून मतदान झालं, मी सपाटून पडलो. मास्तरांच्या बायकोचा हात मात्र माझ्या बाजूने वर होता. पाण्याचं तेवढं लक्षात ठेवा, असं त्या मला नंतर जिन्यात म्हणाल्या.