सासूबाईंच्या वेळची खिडकी

हे मी आजवर कुणापाशी बोलले नाही. बोलायला बसले की दुसरंच काही सांगत सुटायची — आताही सुटले, तर तुम्हीच हात धरून जाग्यावर बसवा.

लढाई लागायच्या आधीची गोष्ट. वाशिमला आमच्या घराला लागून मोकळी जागा होती. मी विधवा, एकटी. अक्षरं आपली आपण गिरवत होते, आणि घर अंधारं — म्हणून एका दुपारी त्या बाजूची भिंत मीच कुदळीनं फोडली, चौकटही मीच ठोकली.

दोन वर्षांनी ती जागा सखूनं घेतली. भाजी विकायची, हसायची तर गल्लीला ऐकू जायचं. लेक पहिलटकरीण, तिला बाळंतपणाला आणायची म्हणून एक खोली बांधायची होती. म्युनिसिपल कमेटीचा परवाना मिळाला, पाया खणला — आणि भिंत येणार ती माझ्या खिडकीला लागूनच.

रिसोडचे माझे दीर म्हणाले, "वैनी, खिडकी वीस वर्साची असंन तं तिच्या उजेडावर हक्क लागते. परवान्यावर दावा ठोकू." वीस? मी हो म्हटलं. इतकं सोपं असतं का हो खोटं? — असतं.

कामाला मनाई आली. कोर्टाचा माणूस खिडकी पाहायला येणार, त्याच्या आदल्या दिवशी मी तव्याखालची काजळी तेलात कालवून चौकटीला चोळली. त्यानं बोट फिरवलं. कधीची? "सासूबाईंच्या वेळची." मेलेल्या माणसाचं नाव घेतलं मी...

सखू तिथंच उभी होती. "जुनी हाय तं मी कायले बुजवू, बाई?" म्हणाली. "पन पोरीचं पयलं बाळंतपन हाय वो. निकाल लवकर लागो म्हंजे झालं."

तारखेवर तारीख पडत गेली. दिवस भरत आले, तशी जावयानं पोर मेडशीला सासरीच ठेवून घेतली. सखूनं कोर्टात सांगितलं, आता बांधायचंच नाही. बांधकाम नाही, तर परवान्याचा वाद कशाचा? — न्यायाधीशांनी कागद मिटले. खिडकी किती वर्षांची, ते ठरवायचं राहूनच गेलं. मला सुटल्यासारखं वाटलं. होय, सुटल्यासारखंच.

पुढच्या आठवड्यात सखू डबा घेऊन दारात. लेकीसाठी डिंकाचे लाडू बांधले होते. सासरच्यांनी परत पाठवले, आमच्या घरी काय कमी आहे म्हणून. "तुमी खा, बाई. तुमाले एकटीले कोन करून देते?"

मी तिच्यासमोर बसून खाल्ला. चांगला झाला होता. तिनं दुसरा हातावर ठेवला. तोही खाल्ला.