मागचा अर्धा इंच

विक्रोळीच्या आमच्या चाळीत जिन्याखाली एक टेलरकाका मशीन घेऊन बसतात. त्यांचं नाव मी कधी विचारलं नाही. रविवारच्या सभेत माझं पहिलं भाषण होतं, म्हणून सदरा शिवून घ्यायला त्यांच्याकडे गेलो. ते माप घेत होते आणि मी मोबाईलवर भाषण लिहीत होतो.

“मान खंय बघता रे तुझी? कुठे चाललीय पुढे?” म्हणत त्यांनी माझ्या मानेच्या मणक्यावर अंगठा दाबला. मी कळवळलो. महिनाभर नेमकं तिथेच ठणकत होतं.

“हल्ली सगळे मोबाईलवाले असेच येतात,” काका म्हणाले. “मान पुढे गेली की सदरा पुढून लोंबतो, मागून वर चढतो. मग मी मागे अर्धा इंच वाढवून देतो, कुणाला कळतही नाही. तुला पण देऊ?”

चळवळीची पत्रकं वाटत वाढलेला मी. असली गुपचूप सवलत मला कशी चालणार? “अजिबात नाही,” मी तडकलो. “सरळ माणसाचा सदरा शिवा.”

“शिवतो की. पण मग घालणारा पण सरळ लागेल, नेतेसाहेब!”

हसतच त्यांनी दोन बोटांनी माझी हनुवटी मागे ढकलली आणि नव्याने माप घेतलं.

भाषण कसं झालं ते लोकांनी ठरवावं. सदरा मात्र झकास बसला. आजही तो घालून मोबाईलवर वाकलो, की मागून वर चढतो आणि कमरेला वारा लागतो. मग मी मोबाईल डोळ्यांसमोर उचलतो. मान आता क्वचितच ठणकते.

परवा जिना उतरताना काकांनी खालून हाक मारली, “काय रे, देऊ अर्धा इंच?”

“नको!” मी वरूनच ओरडलो, आणि दोघंही हसलो.