बर्फीची खांदेमळणी

योगीराज माझा सख्खा धाकटा भाऊ. माझ्यापेक्षा अकरा वर्सांनी ल्हान. त्येला पवायला मी शिकवलं, सायकल मी शिकवली, आन कात्री धरायला बी मीच शिकवलं. हे आदीच सांगून ठिवतो, कारण पुढचं ऐकून लोक मलाच नावं ठिवतेत. ठिवू द्या. चुडाव्यात मुंजाजीला नावं ठिवणारे लय झाले, पण डोई वाढली की सगळे माझ्याच खुर्चीत येऊन बसतेत.

टेसनाजवळ माझं केस कापायचं दुकान हाय. दोन खुर्च्या, तीन आरसे. शिक्षण सातवी, पण माणूस खुर्चीत बसला की नुसता भवरा बगून सांगतो, ह्येचा केस कोणीकडं पडणार. पूर्ण्यात गल्लीगल्लीला दुकानं हायत, तरी तिथली माणसं गाडीचं तिकीट काढून माझ्याकडं येतेत. आमच्या आज्याला दर घरामागं सालाची जवारी मिळायची, आन त्या जवारीवर साऱ्या घराची डोई-दाढी वर्सभर. ती रीत मी मोडली. दर भितीवर लिहून टाकले. कटिंग सत्तर, दाढी चाळीस. रोख.

आन त्या सत्तरासाठी बी लोक जीव खातेत. व्यंकटराव म्हणून गावातले बडे शेतकरी हायत, अठ्ठावीस एकर रान, घरी दोन टॅक्टर. खुर्चीतून उठता उठता म्हणले, "मुंजाजी, डोईवर केसं किती राहिलेत माझ्या? अर्धेच पैसे घे की."

मी म्हणलं, "मालक, राहिलेले हुडकायला टाइम लागतो. त्याचेच सत्तर हायत."

हसले. पण दिले साठच.

पोरांची तऱ्हा आणखी निराळी. मोबाइलमधला फोटू दाखवतेत, म्हणतेत असं पायजे. आरं, त्या फोटूतलं टकुरं वेगळं, तुझं वेगळं! आन दाढीचं गिऱ्हाईक तर संपल्यातच जमा हाय. घरोघर बॅटरीचं मशीन आलं. कोणी दाढी ठिवायलाय, कोणी घरीच कोरायलाय. माझी दुसरी खुर्ची चार वर्सांपासून मोकळी हाय. तिच्यावर मी पेपर ठिवतो. ती खुर्ची योगीराजची.

त्याचा हात म्हणजे काय सांगू. माझाच हात हाय तो, थोडा हलका. रडकं लेकरू त्याच्यापाशी झोपी जायचं, मशीन चालू असताना. मला वाटलं, दोघं भाऊ मिळून आमी नांदेडपर्यंत नाव करू. पण हे बेणं पुण्याला गेलं. दोन वर्सं मोठ्या सलूनात काढली, मंग कुत्र्यांच्या सलूनात गेलं. औंदा होळीच्या टायमाला फोन आला, "दादा, परभणीत वसमत रोडला दुकान टाकलंय. कुत्र्यांचं."

"कुत्रे विकणार?"

"न्हाई. कुत्र्यांची आंघोळ, कटिंग, नखं, कान."

त्या दिवशी मी जेवलो न्हाई. आमची घरवाली कस्तुरा ताट वाढून बसली, मी पाटावरनं उठलो. दुसऱ्या दिवशी परभणीला जाऊन त्याच्यावर बरसलो. म्हणलं, "आरं, तालुक्याचे तहसीलदार आपल्या आज्यापुढं मान खाली घालून बसले! म्हैस भादरायला सुदीक आपल्या घरचं कोणी कधी गेलं न्हाई. आन तू कुत्र्याची नखं काढायलास?"

त्याची ही एक खोड हाय, चिडतच न्हाई. ते म्हणलं, "दादा, म्हशीवाला शंभर देतो. कुत्र्यावाला आठशे."

"आठशे? कुत्र्याचे?"

"केस लांब असले तर बाराशे."

मी म्हणलं, चार दिवसाची हौस हाय लोकांची, मंग बसशील माश्या मारत. तर ते म्हणलं, "पोळ्यापर्यंत बगतो. धंदा बसला न्हाई, तर शटर ओढून तुझ्या दुसऱ्या खुर्चीपाशी येऊन हुबा राहतो. माझी जबान हाय."

मी म्हणलं, "जबान?"

"जबान."

सोमवारी माझं दुकान बंद असतंय. तवापासून दर सोमवारी परभणीला जायचो, म्हणायचं बाजाराला, खरं तर त्याची माश्या मारायची येळ कवा येते ते बगायला. आन काय बगावं लागलं! एका सोमवारी व्यंकटराव आले, साठ रुपयेवाले. नातवाचं झिपरं कुत्रं छातीशी धरलेलं. योगीराजनं आंघोळ घातली, केस उतरवले, कान पुसले, अत्तर मारलं. व्यंकटरावांनी बाराशे मोजून दिले, वर पन्नास ठिवले.

माझ्यानं राहवलं न्हाई. "मालक, माझ्याकडं दहा रुपयांसाठी तकरार करता. आन हितं?"

व्यंकटराव कुत्र्याच्या डोईवरून हात फिरवत म्हणले, "तू कळता माणूस हायस मुंजाजी. हे लेकरू हाय. लेकराच्यात कुठं घासाघीस करतेत काय?"

आता ह्याला काय म्हणावं सांगा.

तरी योगीराजचा धंदा बसत नव्हता, हे बी खरं. लोक एकदा हौसेनं येत, फोटू काढत, मंग महिनाभर घरीच नळीनं आंघोळ घालत. दर महिन्याला येणारी घरं पायजे होती, ती पाच-सहाच. पोळा जवळ आला आन ह्येचं तोंड बारीक झालं. तेवढ्यात राजेश्री मॅडम भेटल्या. कालेजात शिकवतेत, नवऱ्याची बदली भाईरगावी, घरी ह्या आन त्यांचं पांढरंशुभ्र कुत्रं. नाव बर्फी. पोळ्याच्या आदल्या दिवशी बर्फीचा वाढदिवस. होय, कुत्र्याचा वाढदिवस, केक आणून! कालनीतली वीस कुत्रेवाली घरं यायची होती. मॅडमनी योगीराजला कबूल केलं, "बर्फीला छान तयार करून दे. संध्याकाळी सगळ्यांसमोर तुझं नाव सांगते. सगळ्यांचं महिन्याचं तुझ्याकडेच लावून टाकू."

वीस घरं म्हणजे दुकान बसलं. सरळ हाय.

तो दिवस नेमका सोमवार. मी बैलांचं सामान आणायला परभणीत. माझी दोन एकर हाय, पवळ्या आन मान्या ही बैलजोडी. लोकांनी बैल विकून टॅक्टर आणले, मी न्हाई विकले. गोंडे घेतले, शिंगाचा रंग घेतला, अर्धा किलो हळद, आन डेअरीतून लोणी. सांजच्याला खांदेमळणी असती ना. पोळ्याच्या आदल्या सांजेला बैलाच्या खांद्याला हळद-लोणी चोळायचं, वर्सभर जू ओढून घट्टे पडलेले असतेत. मंग कानात सांगायचं, आज आवतन घ्या, उद्या जेवायला या. आमच्या घरी ते काम माझंच. माझ्यासारखी खांदेमळणी चुडाव्यात कोणाला जमत न्हाई.

दुपारी दुकानात गेलो तर बर्फीची आंघोळ झालेली, केस वाळवायचं मशीन बंद पडलेलं. योगीराज ते काखेत मारून रिपेरीला पळाला. जाता जाता म्हणला, "दादा, अर्धा तास बस. पण कशाला हात लावू नको."

म्हणलं, "मी काय कुक्कुलं बाळ हाय का?"

बसलो. कुत्रं टेबलावर, माझ्याकडं बगायलंय. मी त्याच्याकडं. मान वाकडी करून खाजवायलंय. म्हणलं बगावं तरी. केस बाजूला केले तर मानेला पट्ट्याचा घट्टा, हे एवढा, लालभडक. जुवाचा पडतो तसाच. वरून अत्तर, आतून जखम! मला लय राग आला. बाराशे रुपये घालवतेत, आन जनावराची मान बगत न्हाईत.

पिशवीत हळद होती, लोणी होतं. दिवस खांदेमळणीचा. हात आपोआप चालले. मान चोळली, खांदे चोळले, पुढचे दोन्ही पाय बी चोळले, म्हणलं कुत्र्याला कुठं खांदा संपतो आन कुठं पाय सुरू होतो कळत न्हाई. ते बी डोळे मिटून गप. शेवटी कानात सांगितलं, आज आवतन घ्या, उद्या जेवायला या. तसं ते उठलं, अंग झटकलं, टेबलावर पाठीवर लोळलं, उलटं-पालटं झालं.

योगीराज आला तवा बर्फी शेंड्यापासून बुडक्यापर्यंत पिवळी.

"दादा, हे काय केलंस?"

"मानेला घट्टा होता."

"मानेला होता ना? मंग शेपूट कामून पिवळं?"

"ते तिचं तिनं केलं."

त्येनं घाईघाईनं साबण लावला. आन हळदीला साबण लागला की काय होतंय, ते बायामाणसाला माहीत असतंय, आमच्या ध्यानातच आलं न्हाई. पिवळं होतं ते तांबडं झालं. दुसऱ्यांदा धुतलं, शेंदरी झालं. मी म्हणलं, "मशीन आण, उतरवून टाकतो समदे केस. दहा मिंटाचं काम."

"ह्या जातीच्या कुत्र्याचे केस मुळापासून उतरवत न्हाईत दादा. नीट उगवत न्हाईत परत." येवढंच बोलला. वरडला असता तर बरं झालं असतं, मला बी वरडता आलं असतं.

पाचला मॅडम आल्या. दारातच थांबल्या.

"हे काय आहे?"

मी तिथंच, बाटल्यांच्या फळीपाशी हुबा. हाताला अजून लोणी. योगीराजनं माझ्याकडं बगितलं सुदीक न्हाई. म्हणला, "माझी चूक झाली मॅडम."

आन मी, ज्येनं चुडाव्याच्या सरपंचाला भर दुकानात सुनावलेलं हाय, तो मी गप राहिलो. जीभच उचलली न्हाई. मॅडम म्हणल्या, "दोन तासांत माझ्याकडे वीस माणसं येणार आहेत!" बर्फीला उचललं, पांढऱ्या साडीला तांबडा डाग पडला, आन गेल्या. घंट्याभरात कालनीच्या ग्रुपवर मेसेज पडला, वसमत रोडच्या त्या दुकानात कोणीही कुत्रं नेऊ नये. योगीराजनं तो वाचला, मोबाइल खिशात घातला आन फरशी पुसाय लागला. म्हणला, "दादा, तुझी गाडी निघंल. बैल वाट बगत असतील."

घरी आलो, बैलांचे खांदे मळले. हळद कमी पडली. कस्तुरानं इचारलं, तोंड कामून उतरलंय. सांगितलं समदं. ती म्हणली, "म्हणजे शर्त तुमीच जिंकली म्हणा की."

ह्या बाईला कवा काय बोलावं ते कधी कळणार न्हाई.

सकाळी पोळा. सणाची गर्दी, बाकड्यावर आठ माणसं, भाईर चार. पहिल्या गाडीनं योगीराज उतरला. हातात कात्र्यांची पेटी. कोणाशी काही बोलला न्हाई. दुसऱ्या खुर्चीवरचे पेपर उचलले, खुर्ची खिशातल्या दस्तीनं पुसली आन म्हणला, "कोणाचा नंबर हाय?"

चार वर्सं मी ह्याचीच वाट बगितली होती. पण त्येनं पहिल्या गिऱ्हाइकाच्या गळ्याला कपडा बांधला, आन माझं डोसकं फिरलं. म्हणलं, "ठिव ती कात्री."

"जबान दिली होती दादा."

"कशाची जबान? तू हारलास कुठं? माझा भाऊ धंद्यात हारला तर मी ऐकून घेईन. माझ्या हळदीनं हारला हे मी खपवून घेणार न्हाई. चल!"

बाकड्यावरचे वरडायलेत, "मुंजाजी, आरं सण हाय, अर्ध्या डोया तशाच सोडून कुठं चाललास?" मी शटर ओढलं. पोळ्याच्या सकाळी आमच्या तीन पिढ्यांत दुकान बंद झालेलं न्हाई. झालं.

परभणीत मॅडमच्या गेटापाशी गेलो. त्यांनी दार उघडलं, मागं बर्फी, अजून शेंदरी. मी दम घेतला न्हाई, न्हाईतर परत जीभ अडकली असती. म्हणलं, "मॅडम, ते मी केलं. ह्यो पोरगा दुकानात बी नव्हता. मानेला पट्ट्याचा घट्टा होता, म्हणून मी बैलासारखी हळद लावली. माझी चूक हाय."

मॅडमनी योगीराजकडं बगितलं. "मग काल का नाही सांगितलंस?"

"दादा हाय तो मॅडम."

मॅडम खाली बसल्या, बर्फीच्या मानेवरचे केस बाजूला केले. मंग म्हणल्या, "पट्टा घट्ट होतोय हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. पण म्हणून अख्खं कुत्रं रंगवायचं? काल वीस माणसं पोट धरून हसली."

मी म्हणलं, "अख्खं मी न्हाई—"

"दादा," योगीराज म्हणला.

मॅडमनी मोबाइल काढला. "मेसेज काढते. सगळ्यांना खरं काय ते कळवते. बर्फी पण तुझ्याकडेच येईल. पण एक अट आहे." आन बोट माझ्याकडं केलं. "हे गृहस्थ दुकानात पाय ठेवणार नाहीत."

मी! मी पोळा सोडून आलो, बारा गिऱ्हाइकं सोडून आलो, जल्मात पहिल्यांदा परक्या दारात चूक कबूल केली. मी तोंड उघडणार, तर हे बेणं माझ्या आदी म्हणलं, "मंजूर मॅडम."

आन बर्फीच्या मानेला काय लावायचं ते इचारत दोघं आत गेले. मला कोणी या म्हणलं न्हाई. मी गेटाभाईर हुबा राहून पुढच्या गाडीचा टाइम बगितला.